लहरोजी राजाला गुडघे नव्हते

१६ फेब्रुवारी २०२५, रविवार

खतवाल्या दुकानदाराने जानेवारीत दिलेली ही डायरी आजवर कोरीच होती. आज लिहायला कारण मिळालं. यात्रा कमिटीच्या मीटिंगमध्ये सगळ्यांच्या देखत मी बोलून बसलो, की यंदा घाटात मी कार्टून दाखवणार.

झालं असं. यात्रेला बैलगाड्यांच्या शर्यती असतात, त्यांच्या धावपट्टीला आम्ही घाट म्हणतो. दुपारी जेवणाची सुट्टी होते आणि घाटात लावलेला भाड्याचा एलईडी पडदा तासभर नुसत्या जाहिराती दाखवत उभा असतो. पोरं कंटाळतात. मी म्हणालो, पोरांना गोष्ट दाखवू, आपल्याच गावात केलेली. सरपंच आदेश माझ्या पुतण्याच्या वयाचा आहे. त्याने विचारलं, कसली गोष्ट? माझ्या तोंडून निघून गेलं, एका दुष्ट आणि लहरी राजाची. सगळे हसले. आदेश म्हणाला, करा काका, पण अकरा मिनिटांच्या वर जाऊ नका, बैलं उन्हात उभी राहतात.

घरी येऊन बायकोला, साळूला सांगितलं. ती भाकरी थापत होती. "राजा कुठून आणणार?" म्हणाली. म्हटलं, डोक्यातून, राजाला काय तोटा आहे. ती तव्याकडे बघून हसली असं मला वाटलं.

शर्यती तेरा एप्रिलला. म्हणजे आठ आठवडे आहेत. मला कार्टून करता येत नाही, हे फक्त या डायरीला माहीत आहे.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

रहमतुल्लाला सांगितलं. विचारलं नाही, सांगितलं. आमच्यात विचारायची पद्धत नाही.

नारायणगावात माझं फ्लेक्सचं दुकान आहे आणि रहमत तिथे कामाला आहे, असं नवीन गिऱ्हाईक समजतं. खरं तर आम्ही शहाऐंशी सालापासून बरोबर आहोत. तेव्हा पाटी होती 'हौशी-रहमत पेंटर्स'. ट्रकच्या पाठी, पाण्याच्या टाक्या, तमाशाच्या कनातीवरची नावं, सगळं आम्ही रंगवलेलं. तो अक्षरं काढायचा, मी गिऱ्हाईक आणायचो. मग चौदा वर्षांपूर्वी फ्लेक्सचं मशीन आलं, ब्रश सुटला. नवीन पाटीवर जागा कमी पडली म्हणून 'हौशी फ्लेक्स' एवढंच बसलं. आता रहमत फ्लेक्स कापतो आणि दोरी ओवायला कडेने पितळी कड्या मारतो. रोज जुन्नरहून एसटीने येतो. कधी तक्रार नाही. असा माणूस शोधून मिळायचा नाही, हे मी त्याला अजून सांगितलेलं नाही, कारण मग माणसं शेफारतात.

त्याची मुलगी सितारा कॉम्प्युटर शिकली आहे. तिने युक्ती सांगितली. जाड कागदाची चित्रं कापायची, टेबलावरच्या काचेवर मांडायची, वर मोबाईल उलटा बांधायचा, चित्र तांदळाएवढं हलवायचं आणि फोटो काढायचा. असे हजारो फोटो जोडले की चित्र चालायला लागतं.

रहमत म्हणाला, कागद फाटंल, जुना फ्लेक्स घेऊ, मागची बाजू पांढरी असते. हातापायाच्या सांध्यांना पितळी कड्या मारू, म्हणजे फिरतील. मला ते एकदम पटलं. मी पुढे सगळ्यांना तसंच सांगितलं, की मी असं ठरवलं आहे.

फक्त एक बजावलं. पुढाऱ्यांच्या वाढदिवसाच्या फ्लेक्सला कात्री लावायची नाही, कुणी पाहिलं तर पंचाईत. घरातला एखादा घे. त्याने घेतला.

२० फेब्रुवारी, गुरुवार

आज रहमतने राजा काढला. चौदा वर्षांनी ब्रश धरला होता, मला वाटलं दिवसभर लागेल. पाठमोरा बसला, दहा मिनिटांत उठला. राजा तयार.

काय राजा आहे! मिशा वर, पोट पुढे, एक भुवई चढलेली, एक बोट हवेत. बघितल्याबरोबर वाटतं की आता हा कुणावर तरी ओरडणार. मी पोट धरून हसलो. म्हटलं, रहमत, असला शहाणपणाचा गड्डा तुला सापडला कुठे? तो म्हणाला, "असतो इथं-तिथं." सितारा पाणी प्यायला बाहेर गेली.

कड्या मारताना त्याने खांदे, कोपरं, मान सगळं केलं, गुडघे तेवढे सोडले. मी विचारलं तर म्हणाला, याला वाकायचं काम पडत न्हाई. बरोबर आहे. राजा कशाला वाकेल? नाव ठेवलं लहरोजी.

२३ फेब्रुवारी, रविवार

गोष्ट लिहायला बसलो. लहरोजी रोज सकाळी नवा कायदा करतो. पहिले तीन कायदे मला सुचले. एक, कुणी शिंकायचं नाही. दोन, कोंबड्यांनी राजा उठल्यावरच आरवायचं. तिसरा खोडला.

साळूने आपणहून चौथा सांगितला. राजा म्हणतो आजपासून राज्यात आलं बंद, चहात आलं दिसलं तर फटके. दुसऱ्या दिवशी चहा पितो आणि आचाऱ्याला म्हणतो, यात आलं का नाही, धरा याला. मी खूप हसलो. वहीत घेतला. ही बाई कधी गोष्टी लिहिणारी नव्हती, सुचतं कुठून कोण जाणे.

चहा आज पुन्हा बिनआल्याचा होता. परवा मी पित्तावरून काही बोललो असेन, म्हणून काय कायमचं बंद करायचं? बोललो तिला.

२ मार्च, रविवार

रोजे सुरू झाले. रहमत आणि सितारा दोघांचे आहेत. चित्रीकरण रोज सकाळी दहाला ठेवलं होतं, मी ते सातला आणलं, म्हणजे त्यांना उन्हाआधी सुटका. विचार करून केलं. नंतर लक्षात आलं की सात वाजता नारायणगावात यायचं तर त्यांना जुन्नरहून सहाला निघावं लागतं. म्हणून दुपारी दोनला केलं. मग दोनला गिऱ्हाईक असतं म्हणून परत दहाला. एवढी काळजी कोण घेतं?

तिघांचा चहा मागवला. तिन्ही कप मीच प्यायलो. आता पित्त झालं आहे.

५ मार्च, बुधवार

आतापर्यंत दोन मिनिटं झाली. मोबाईलवर बघितली. लहरोजी महालातून येतो, बोट वर करतो, कोंबड्या पळतात. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. साठाव्या वर्षी मला हे जमलं.

मग लक्षात आलं की राजाचा अंगरखा हिरवा आहे. निळा पाहिजे होता. सिताराला सांगितलं, पुन्हा काढ. तिने फक्त "बरं काका" म्हटलं. तीन दिवसांचं काम गेलं. संध्याकाळी निळा पाहिला आणि हिरवाच बरा वाटला. आता हे तिला कसं सांगायचं याचा विचार करतोय. उद्या सांगेन.

९ मार्च, रविवार

राजाच्या शेजारी एक माणूस लागतो. त्याच्यावर छत्री धरणारा. लहानपणापासून तोच धरत आला आहे. ही कल्पना रहमतची. छत्रीवाल्याचं चित्र केलं पण तोंड कोरंच ठेवलं. म्हणाला, तोंड मागून करू. मी म्हटलं, राहू दे, त्याच्याकडे कोण बघणार आहे, सगळे राजाकडे बघतील.

गोष्ट अशी पुढे जाते. एक दिवस छत्रीची सावली जरा वाकडी पडते आणि लहरोजी त्याला राज्याबाहेर काढतो. सावली वाकडी पडली म्हणून! इथे पोरं हसणार. पुढे काय ते ठरलेलं नाही. मी म्हणतो राजाला शेवटी बिबट्याने खावं. आमच्या भागातली पोरं बिबट्या म्हटलं की उठून बसतात. रहमत नाही म्हणतो. त्याचं काय म्हणणं आहे ते मी ऐकून घेतलं नाही, वेळ नव्हता.

१३ मार्च, गुरुवार, होळी

राजाच्या आवाजासाठी तमाशातला एक जुना नट बोलावला होता. आवाज फारच गोड, राजा लाडू वाटतोय असं वाटायचं. सितारा म्हणाली, काका, तुम्हीच बोलून बघा. मी म्हटलं, मला नाटक येत नाही. ती म्हणाली, नाटक नकोच, नेहमीसारखं बोला.

एका दमात झालं. एकदाही अडखळलो नाही. "कोण रे तिकडे? हे असं का? काल मी काय सांगितलं होतं? मग आज तसं का केलंस?" रहमत भिंतीकडे तोंड करून उभा होता, त्याचे खांदे हलत होते. मला वाटलं उपासाने चक्कर आली. विचारलं तर डोळे पुसत म्हणाला, लई भारी झालं हौशा, लई भारी.

माझ्यात ही कला होती आणि साठ वर्षं वाया गेली.

१७ मार्च, सोमवार

आदेश दुकानात आला, इकडचं तिकडचं बोलला, मग हळूच म्हणाला, "काका, राजा माझ्यावर न्हाई ना? लोकं म्हणत्यात पांढरे कपडे हायेत." म्हटलं, अंगरखा हिरवा आहे. तो खूश होऊन गेला. तासाभराने जुने सरपंच आले आणि हेच विचारून गेले. संध्याकाळी दूध डेअरीचे चेअरमन. प्रत्येकाला वाटतं राजा आपल्यावरच आहे. माणसाचं मन किती खातं बघा. मी सगळ्यांना एकच सांगितलं, राजा कुणावरही नाही, माझ्या डोक्यातला आहे.

साळू दाराआड उभी राहून पदर तोंडात धरून हसत होती. बायकांना चेअरमनचं हसू येणारच.

२० मार्च, गुरुवार

आज वाईट झालं. सगळं लिहितो.

सितारा बोलता बोलता बोलून गेली की यात्रेनंतर अब्बा दुकानात येणार नाहीत. मला आधी कळेना. मग कळलं, की घाटघर गावातल्या शाळेच्या गुरुजींनी भिंती रंगवायला बोलावलं आहे. झाडं, पक्षी, अंक, नाणेघाट, सगळं ब्रशने. तिथून पुढे आणखी दोन वाड्यांवरच्या शाळा आहेत. एक महिना झाला त्याला विचारून, आणि मला पत्ता नाही.

मी त्याला म्हणालो, या जमान्यात भिंती कोण रंगवतं, तुला जायचं नाही. तो म्हणाला, "हौशा, मला रंगवायचंय. कड्या मारून झाल्या आता." मी म्हटलं, मग माझ्या कार्टूनचं काय, मला आधी का नाही सांगितलं. तो म्हणाला, "तुला सांगायला वेळ लागतो. तू आधी बोलतो."

मी भडकलो. म्हणालो, जायचंय ना, मग यात्रेपर्यंत तरी कशाला थांबतोस, आत्ताच जा. दुकानात दोन गिऱ्हाइकं होती, त्यांच्यासमोर. रोज्यांचा एकोणिसावा दिवस. चार वाजले होते, त्याचे ओठ सुकलेले. त्याने कडी मारायचं मशीन जागेवर ठेवलं, हात धुतले, सिताराला खूण केली आणि दोघं स्टँडकडे गेली.

पाच मिनिटांपूर्वी मी म्हणालो होतो जायचं नाही. मग म्हणालो आत्ता जा. हे मला आत्ता लिहिताना दिसलं. तेव्हा नाही दिसलं.

२४ मार्च, सोमवार

चार दिवस झाले. आला नाही. मी फोन केला नाही. तो करेल.

मी स्वतः छत्रीवाल्याचं तोंड कापायला घेतलं. मुळ्यासारखं झालं. दुसरं कापलं, ते सुरणासारखं झालं. आठ मिनिटं तयार आहेत, शेवट नाही. वीस दिवस उरले. साळूला म्हटलं, राजाला बिबट्या खातो एवढंच करून टाकू. ती म्हणाली, बिबट्यालाही काहीतरी चव असेल.

दुकानात शांत वाटतं. इतकी वर्षं मी एकटाच बोलत होतो की काय, असं वाटावं इतकं.

२७ मार्च, गुरुवार

ठरवलं की कुणावाचून अडत नाही. राजा सकाळी उठतो आणि सूर्य उगवतो, असं दृश्य घ्यायचं. आतापर्यंत उजेड वरून टाकत होतो. मी म्हटलं, सूर्य तर खालून येतो. म्हणून काचेखाली मोठा बल्ब ठेवला. साळूला मोबाईल धरायला उभं केलं. राजा काचेवर मांडला. बटण दाबलं.

फ्लेक्समधून उजेड आरपार येतो, हे फ्लेक्सचं दुकान चालवणाऱ्या मला कुणी सांगायला नको. पण राजाच्या मागे छापील बाजू आहे हे मी विसरलो होतो. राजा उजळला आणि त्याच्या आतून एक तोंड वर आलं. मिशीवर मिशी. भुवईवर भुवई. एक बोट हवेत.

माझ्या साठीचा फ्लेक्स. डिसेंबरमध्ये मीच छापून चौकात लावला होता. 'आमचे मार्गदर्शक', असं वर लिहून. घरातला घे, असं मी म्हटल्यावर रहमतने तोच घेतला होता आणि मागच्या बाजूने उजेडाला धरून रेघन् रेघ गिरवली होती. दहा मिनिटांत राजा तयार झाला तो असा.

साळूने मोबाईल खाली घेतला. म्हणाली, "मला वाटलं तुमाला माहीत हाये. आवाज तर तुमीच दिला."

मी विचारलं, सगळ्यांना माहीत होतं? ती म्हणाली, सगळ्यांना न्हाई. आदेशला आणि चेअरमनला वाटतंय त्यांच्यावर हाये.

२८ मार्च, शुक्रवार

दिवसभर राग. दुपारी राजाचे तुकडे करायला कात्री घेतली. मान कापावी की पोट, हे ठरेना. मग कात्री ठेवली. इतकं चांगलं चित्र मी कधी बघितलेलं नाही. माझ्या तोंडाकडे इतकं नीट कुणी कधी बघितलंही नाही.

या डायरीची मागची पानं वाचली. हिरवा अंगरखा, आलं, सात वाजता, दहा वाजता. वाचून मला घाम आला. मग, खरं सांगायचं तर, हसूही आलं. तीन कप चहाच्या इथे जरा जास्तच.

साळूला विचारलं, मी इतका वाईट आहे का? ती म्हणाली, "दुष्ट न्हाई. लहरी." थोड्या वेळाने म्हणाली, "रहमतभावजींशी मात्र तुमी दुष्टपणा केला."

३१ मार्च, सोमवार, ईद

काल पाडव्याची गुढी उभारली आणि ठरवलं. दरवर्षी ईदला मी रहमतकडे शिरखुर्मा प्यायला जातो. कधी बोलावणं लागत नाही. यंदा पहिल्यांदा वाटलं की जावं का. गेलो. एसटीत सगळा वेळ मनात वाक्य पाठ करत होतो. रहमत, माझं चुकलं. साधं वाक्य आहे, तीन शब्दांचं.

दारात तोच होता. नवीन कुर्ता, डोळ्यांत सुरमा. मी तोंड उघडलं आणि बाहेर आलं, "उद्यापासून कामाला यायचं, दहा वाजता, उशीर नको."

माझंच तोंड मला ऐकू आलं. मी तसाच दारात उभा. मग म्हणालो, "न्हाई. हे न्हाई म्हणायचं व्हतं. थांब जरा." आणि पाठ केलेलं वाक्य आठवेना. साठ वर्षांचा माणूस, जुन्नरच्या गल्लीत, हातात केळ्यांची फणी घेऊन.

रहमत म्हणाला, "आत ये. शिरखुर्मा निवतोय."

प्यायलो. दोन वाट्या. सिताराने तिसरी दिली. मग बोललो. "माझं चुकलं. त्या दिवशीचं बी आन् पाटीचं बी. जागा कमी न्हवती पाटीवर."

तो वाटीतल्या बदामाकडे बघत बसला. मग म्हणाला, "मला माहीत व्हतं. पाटी मीच मोजली व्हती." तेवढंच. चौदा वर्षं त्याला माहीत होतं आणि तो रोज सकाळची एसटी पकडून येत होता. मला रडू आलं, मी रडलो. सितारा आत गेली.

निघताना विचारलं, राजाचा शेवट तू काय म्हणत होतास? म्हणाला, आज सण हाये, आज काम न्हाई. पिच्चर पुरा करून देतो. पण घाटघर पक्कं.

म्हटलं, पक्कं. म्हणताना जड गेलं.

४ एप्रिल, शुक्रवार

त्याचा शेवट असा. राज्यात राजाचं ऐकायला कुणी उरत नाही. उन्हात एकटाच बोट वर करून कायदे करतो. मग छत्रीवाल्याला शोधायला निघतो. तो एका वडाखाली बसलेला असतो, छत्री मिटून. राजा म्हणतो, कोण रे तिकडे, उठ. तो उठत नाही. नुसता थोडा सरकतो आणि शेजारी जागा करतो. राजाला बसायचं असतं, पण जमिनीवर बसता येत नाही, कारण जन्मभर सिंहासन. तो पडतो, उठतो, उलटा होतो, शेवटी कसाबसा बसतो.

मी म्हटलं, बसणार कसा, याला गुडघेच नाहीत. रहमतने ब्लेड घेतलं आणि दोन्ही पाय गुडघ्यात कापले. कड्या मारायला मशीन माझ्याकडे सरकवलं. म्हणाला, तू मार.

कडी मारताना पहिली वाकडी बसली. दुसरी नीट. राजा आता बसतो, पण एक गुडघा करकरतो, तो आवाज सिताराने तसाच ठेवला.

छत्रीवाल्याचं तोंडही आज झालं. कुणाचं ते मी विचारलं नाही. डोळ्यांत सुरमा आणि एक कान वाकडा आहे, जुन्नरमध्ये एकाचाच आहे तसा.

१३ एप्रिल, रविवार, यात्रा

भंडारा, धूळ, ऊन. सकाळपासून शंभरेक गाड्या घाटातून गेल्या. एक वाजता जेवणाची सुट्टी झाली आणि माईकवरच्या निवेदकाने जाहीर केलं. सिताराने मला विचारलं होतं, नावं कशी टाकू. फेब्रुवारीत माझं ठरलं होतं, आधी दुकानाचं नाव, पूर्ण पडदाभर. तिला म्हटलं, चित्रं रहमतुल्ला, काम सितारा, आल्याचा कायदा साळुबाई. माझं कुठे टाकू म्हणाली. राजाचा आवाज, एवढंच.

पहिल्या कोंबडीला पोरं हसली. शिंकेच्या कायद्याला बायका हसल्या. मग राजा पहिल्यांदा बोलला, "कोण रे तिकडे? हे असं का?" आणि अख्ख्या घाटात एकदम शांतता झाली. माझ्या मागून कुणीतरी म्हणालं, अरं, हा तर हौशीराम पेंटर. मग जो हशा उठला, बैलांनी माना वर केल्या. आदेश तर खुर्चीवरून उठून टाळ्या वाजवत होता, सुटल्यासारखा. चेअरमनही. लोक पडद्याकडे कमी आणि माझ्याकडे जास्त बघत होते.

लाज वाटली का? वाटली. कान तापले होते. पण पोरं राजा पडला की किंचाळत होती आणि राजा बसला तेव्हा एक बारकी मुलगी ओरडली, बसला, बसला. मलाही तेव्हा हायसं वाटलं.

संपल्यावर निवेदकाने मला बोलावलं. माईक हातात आला. मी म्हणालो, "राजा मीच हाये. काढलाय रहमतुल्लानं. चाळीस वर्षांत त्यानं काढलेलं सगळ्यात भारी चित्र. तो आता घाटघरला शाळेच्या भिंती रंगवायला चाललाय. कुणाला शाळा, देऊळ, घर रंगवायचं असंल, त्यानं त्याला इचारावं. माझ्या दुकानात येऊ नका, तो तिथं न्हाई."

म्हणताना माझा आवाज फाटला. माईकमुळे सगळ्या घाटाला कळलं.

खाली उतरलो तर रहमत गर्दीच्या कडेला उसाचा रस घेऊन उभा. एक ग्लास माझ्यासाठी. रस प्यायलो. मग तो म्हणाला, "घाटघरची भिंत उंच हाये. शिडी धरायला कोणतरी लागंल."

मी म्हटलं, बघतो. आणि लगेच म्हटलं, येतो.

१७ एप्रिल, गुरुवार

दुकान तीन दिवस साळूच्या ताब्यात. मी निघताना तिने बजावलं, तिथं कायदे करू नका.

घाटघरला वारा फार. शाळेची पोरं ओळीने बसून बघतात. रहमतने भिंतीवर नाणेघाटाचा दगडी रस्ता काढला आहे, वर आभाळ, खाली कोकण. सकाळी मी शिडी धरली, दुपारी त्याने मला रंग कालवायला बसवलं. वरून हुकूम येतात. सूर्यासाठी पिवळा हवा होता. मी कालवला. म्हणाला, फिका झाला, गडद कर. केला. म्हणाला, लई गडद झाला, पांढरा टाक. टाकला. शिडीवरून वाकून बघत राहिला, मान इकडे, मान तिकडे. मग म्हणाला, हौशा, पहिलाच बरा व्हता.

पहिला रंग आता उरलाच नव्हता, सगळं त्याच डब्यात मिसळलं होतं. तोंडाशी शब्द आले होते, चांगले चार-पाच. पोरं माझ्याकडे बघत होती.

काडी घेतली आणि नवा डबा फोडला.